चाळीस मिनिटे तरंगलेली वाटी

मी तांब्याची एक जुनी वाटी आहे. माझ्या बुडाला मोहरीपेक्षाही बारीक भोक आहे. मित्रांनो, भोक असलेल्या वाटीने कसली गोष्ट सांगायची, असे तुम्हाला वाटेल. मलाही तसेच वाटते. तरी सांगते.

आमच्या भागात काळ सगळीकडे सारखा वाहत नाही. गोडदेवात तो घाईने चालतो, डोंगरीत रेंगाळतो आणि तारोडीत समुद्राकडे पाहत बसून राहतो. गोडदेवात बुधवार उजाडला तरी तारोडीत मंगळवारच असतो. एका गावचे घड्याळ दुसऱ्या गावात नेले की भलतीच वेळ दाखवते. मग नवा कायदा कोणत्या गावात नेमका केव्हा लागू झाला, हे ठरवायचे कसे? त्यासाठी भाईंदरला अंमल-वेळ कचेरी होती आणि त्या कचेरीत मी होते. पूर्वी लग्नाचा मुहूर्त साधायला घंगाळात घटिकापात्र सोडत, तशीच मी. त्या त्या गावच्या विहिरीचे पाणी घंगाळात भरायचे आणि मला अलगद वर सोडायचे. भोकातून पाणी चढत चढत चोवीस मिनिटांनी मी बुडाले, की त्या गावात नवा कायदा सुरू. तोवर जुनाच.

काशीनाथ नावाचे कारकून मला सांभाळत. ते मला चिंचेने घासत, भोकातून घोड्याच्या शेपटीचा केस फिरवत आणि मग खिडकीशी उजेडात धरून बघत. म्हणत, "बाई, तू फक्त वेळेवर बुड. बाकी सगळं सरकार बघेल."

अठ्ठ्याऐंशी साली ते निवृत्त झाले. नवे अधिकारी उदयसाहेब आले. माणूस वाईट नव्हता. त्यांनी माझ्यात टाचण्या ठेवल्या. एकदा पाकिटावर मोहोर करताना तापलेल्या लाखेचा एक थेंब माझ्यात, अगदी भोकाच्या काठावर पडला. कोणी पाहिले नाही. मी पाहिले, पण मला बोलता कुठे येते?

एक्याण्णव साली तारोडीच्या हरिश्चंद्राची होडी परत आली नाही. जुन्या कायद्याने शोध तीनच दिवस चाले; तिसऱ्या दिवशी सूर्य मावळला की सरकारी लाँच माघारी फिरे. नवा कायदा नऊ दिवसांचा होता. गोडदेवात तो काशीनाथांच्या काळातच लागू झाला होता. तारोडीत व्हायचा होता. शोध चालू असतानाच तो लागू झाला, तर आणखी सहा दिवस मिळणार होते.

तिसऱ्या दिवशी कचेरीतल्या पंचशीलाताईंनी माझ्यातल्या टाचण्या टेबलावर ओतल्या.

"साहेब, आजच तारोडीला गेलं पाहिजे."

"उद्या जाऊ ना. त्यांचा मंगळवार कुठे पळून जातोय? तो तर आठवडाभर चालतो!"

"आज तो संपतोय, साहेब. एका बाईचा नवरा समुद्रात आहे."

उदयसाहेब उठले. बस, मग रिक्षा. तारोडीच्या विहिरीवर पोचलो तेव्हा सूर्य मावळायला अर्धा तास होता. मला चोवीस मिनिटे पुरतात. घंगाळ भरले, मला सोडले. हरिश्चंद्राची बायको शेवंती शेजारी उकिडवी बसली होती.

"ताई, ही बुडली म्हंजे लाँच मागं फिरनार न्हाय ना?"

"नाही फिरणार. आणखी सहा दिवस शोधतील."

शेवंती माझ्यावर वाकली. "मंग बुड गो बाय. बुड."

कोळ्याची बायको तरंगत्या वस्तूला कधी 'बुड' म्हणत नाही. ती मला म्हणाली. आणि मी तरंगतच राहिले.

वीस मिनिटांनी पंचशीलाताईंनी केसांतली पिन काढली. "साहेब, भोक बुजलंय. एकदा टोचते फक्त."

"हात लावू नका! पात्र पाण्यात सोडलं की शिवायचं नाही, आपलाच नियम आहे. उद्या लोक म्हणतील, कचेरीनेच बुडवलं."

"अहो, पण बुजलंय ना ते!"

"मग ते आधी बघायला हवं होतं," साहेब म्हणाले. टाचण्या त्यांच्याच होत्या.

सूर्य मावळला. लाँच धक्क्याला लागली. त्यानंतर दहा मिनिटांनी मी बुडाले आणि तारोडीत नवा कायदा सुरू झाला. चांगला कायदा होता तो. पुढच्यांसाठी.

काही दिवसांनी होडीची एक फळी दूरच्या किनाऱ्याला लागली. ती घेऊन शेवंती कचेरीत आली. हरिश्चंद्र समुद्रावर असताना प्रत्येक सूर्योदयाला कोयत्याने फळीवर एक खूण करी. लाँच माघारी फिरली त्या संध्याकाळपर्यंत तीनच सूर्योदय झाले होते.

"मोजा, सायेब."

साहेबांनी मोजल्या. पाच होत्या.

मग तिने मला मागून घेतले. जाळे विणायच्या सुईने लाख खरवडली, बादलीत पाणी मागवले, मला सोडले आणि समोर बसून राहिली. कचेरीत कोणी जागचे हलले नाही. मी चोवीस मिनिटांनी बुडाले.

"आता बरोबर हाय," ती म्हणाली. फळी उचलून निघून गेली.

मी त्या दिवशी मुद्दाम तरंगले नाही, हे तिला सांगायचे राहिले. सांगितले असते, तरी तिने काय करावे?

मित्रांनो, तुमच्या घरातही अशी एखादी वस्तू असेल, जी वर्षानुवर्षे लागत नाही आणि मग एकदाच लागते. तिच्यात टाचण्या खुशाल ठेवा. पण अधूनमधून तिला उजेडात धरून बघा. माझ्यासारखी असेल, तर तिच्या भोकातून सूर्य दिसला पाहिजे. तो मावळायच्या आत.