घमेल्यातली कमळीण

मित्रांनो, माझे फूल पाहून तुम्ही मला कमळ म्हणाल, म्हणून आधीच सांगते: मी कमळीण. कमळाची पाने पाण्याबाहेर ताठ उभी राहतात, माझी आपली पाण्यावर पसरून असतात. कळंबजवळच्या एका तलावात माझा जन्म झाला आणि वयाने मी आता बऱ्यापैकी जुनी आहे.

आमच्याकडे पाऊस घाईतल्या पाहुण्यासारखा येतो आणि चहा न घेताच जातो. म्हणून आम्हा कमळिणींना दोन तऱ्हांनी जगता यावे लागते. पाणी असले की देठ लांबवायचा, पान वर न्यायचे, फुलायचे. पाणी आटले की पाने सोडून द्यायची आणि चिखलात कंद होऊन गप्प पडून राहायचे. वरून गुरे जातात, पोरे क्रिकेट खेळतात, जमिनीला भेगा पडतात; आपण जागचे हलायचे नाही. असे मी तीन उन्हाळे काढले.

चौथ्या उन्हाळ्यात जेसीबी आला. गाळ शेतात टाकला की पीक जोमाने येते, म्हणून गावाने तलाव उपसायला काढला. काम चांगलेच होते, त्याबद्दल माझे काही म्हणणे नाही. पण माझ्या आसपासच्या साऱ्या जणी कुणाकुणाच्या ट्रॉलीतून कुठे गेल्या, ते मला आजवर कळलेले नाही. मी पोचले श्रीमंत नावाच्या माणसाच्या शेतात, तलावापासून चार किलोमीटर लांब. आणखी आठ दिवस उन्हात राहते तर वाळून खडा झाले असते.

श्रीमंतची आई दगडाबाई गाळ पसरत होती. तिच्या हाताला मी लागले. काळी, ओबडधोबड, अक्रोडाएवढी.

"टाक की माय, दगूड हाय त्यो," श्रीमंत म्हणाला.

"दगूड न्हाय रं, कमळिणीचा कांदा हाय. बहात्तरच्या दुस्काळात आमी तळ्यातनं उकरून, उकडून खाल्लेत हे. लई जणींला खाल्लं म्या. हिला तरी जगवते."

खाण्याची गोष्ट निघाल्यावर मला वाटले, आता माझीही पाळी. पण तिने एका घमेल्यात गाळ भरला, त्यात मला खोचले, घमेल्याला दावे बांधले आणि शेततळ्यात सोडले.

शेततळे पाहिले आहे ना तुम्ही? सगळीकडून प्लास्टिक अंथरलेले, तळाला मातीचा कण नाही. तिथले पाणी ऋतूचे ऐकत नाही, मोटारीचे ऐकते. मोटार चालू झाली की पाणी हातभर चढे आणि माझी पाने बुडत. मी देठ ताणून ताणून त्यांना चार दिवसांत वर नेई. तोवर ठिबक सुरू होई, पाणी उतरे, आणि लांबलेले देठ सैल दोरीसारखे लोळत पडत. घेतले जमवून. भाद्रपदात मला पहिले फूल आले.

पण करमेना. शेजारी एकही पान नव्हते. मधमाशीही क्वचितच फिरके. कुणी आले नाही तर आम्ही आपल्याच परागांवर फळ धरतो, तसे मीही धरले. ते पाण्याखाली पिकले, बिया सुटल्या, थोडा वेळ तरंगल्या आणि बुडून प्लास्टिकवर जाऊन पडल्या. पाणी उतरले की उतारावर चिकटून वाळत. मूळ धरायला त्यांना चिमूटभर माती मिळाली नाही. मला फार वाईट वाटले.

शेतातल्या घरात दगडाबाईचे दिवसही एकटेच जात. मुलगा-सून सकाळी कळंबला कामाला जात, ते दिवेलागणीला येत. गुडघे धरल्यामुळे तिचे गावात जाणे बंद झाले होते. ती शेततळ्याच्या कुंपणाशी बसून माझ्याशी बोले. आज आमटीत मीठ कमी होते, शेजारच्या वस्तीवरची सिताबाई लेकीकडे गेली ती परतलीच नाही, असे काहीबाही. मला उत्तर देता येत नसे. तरी ती रोज येई.

पुढच्या पावसाळ्यात एका संध्याकाळी श्रीमंत हसत आला. "माय, गावचं तळं भरलं बग! पार सांडव्याला लागलंय."

दगडाबाईने माझ्याकडे आणि उतारावरच्या वाळक्या बियांकडे पाहिले. मग म्हणाली, "हिला तळ्यात सोडून ये."

"आन् तुला करमंल का?"

"न्हाय करमायचं. पर माझ्या करमण्यापाई हिची लेकरं पलाष्टिकवर मरू देऊ व्हय?"

श्रीमंतने घमेले मोटारसायकलवर पुढ्यात घेतले. ती फाटकापर्यंत आली, पुढे तिला येववेना. तिने माझ्या पानावरून हात फिरवला.

याला दोन वर्षे झाली. आता पाणी हळूहळू चढते, हळूहळू उतरते, खाली हवा तितका गाळ आहे. माझ्या लेकींची पाने काठापर्यंत पसरली आहेत. श्रीमंत तलावाच्या बांधावर भेटला की लोक विचारतात, "माय कशी हाय?" तो म्हणतो, "बरी हाय. आणायचीय एकदा हिकडं." दोन वर्षे तो हेच म्हणतो आहे. खोटे बोलत नाही तो, त्याला सवड होत नाही.

मित्रांनो, गाळ काढताना एखादा कोपरा आमच्यासाठी सोडा, एवढे तर मी सांगतेच. पण माझे खरे मागणे वेगळे आहे. दगडाबाईने हे तळे फुललेले अजून पाहिलेले नाही. तुमच्यापैकी कुणाच्या घरी मोटारसायकल असेल, तर तिला एकदा मागे बसवून आणा. आणि दुपारच्या आत आणा. नंतर मी मिटून जाते.