सासऱ्याची डुलकी

चाळीस वर्षांत काकांनी न्यायाधीश केले, चोर केले, दोन मंत्री, एक आंधळा घड्याळजी, आणि एका सिनेमात तर स्वतःचाच बाप. धंद्यात त्यांचं नाव 'हरकाम्या' पडलं होतं. कुणाचा नट ऐनवेळी आजारी पडला की लोक म्हणत, "हरकाम्याला बोलवा, मिशी बदलली की भागतं." काकांनी कधी कुणाला नाही म्हटलं नाही. आताशा मात्र अंग साथ देईना. मनाचं तर विचारूच नका, ते केव्हाच पाट्या टाकायला लागलं होतं.

त्या दिवशी सकाळी ते एका सिनेमातला खुनी म्हणून दोन तास जिने चढले-उतरले. मग खोटी दाढी काढून दुपारी मालिकेच्या सेटवर आले आणि हॉस्पिटलच्या खाटेवर आडवे झाले. सात वर्षं त्यांनी केलेला सासरा आज मरणार होता.

"सून रडेल, तुम्ही नुसते पडून राहा," दिग्दर्शिका म्हणाली. "श्वास दिसू देऊ नका, काका."

गादी मऊ होती, वरून दिव्यांची ऊब. काकांचा डोळा लागला.

सुनेचं काम करणारी मुलगी ठरल्याप्रमाणे रडली. 'कट' झालं. सगळे उठले, काका उठेनात. तिनं त्यांचा हात हलवला, तर तो खाटेवरून निसटून लोंबायला लागला. मुलगी अशी किंचाळली की बाहेरची माणसं आत धावली. मेकअपवाल्यानं तोंडावर पाणी मारलं तेव्हा काका दचकून उठले.

"काय झालं? पुन्हा घ्यायचाय?"

सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. मुलगी मात्र भिंतीकडे तोंड करून बराच वेळ उभी होती. गडबडीत कॅमेरा बंद करायचा राहून गेला होता. तो लोंबता हात आणि ती किंचाळी, दोन्ही तसंच मालिकेत गेलं.

भाग दाखवला त्या संध्याकाळी फोनवर फोन. जो तो म्हणे, आयुष्यातलं सर्वोत्तम काम! काका कसेनुसे होऊन 'हं, हं' करत राहिले.

"तुम्ही झोपला होतात ना?" बायकोनं विचारलं.

"तुला कसं कळलं?"

"पस्तीस वर्षं शेजारी झोपतेय. मेलेल्या माणसाचे ओठ असे पुटपुटत नाहीत."

काका हसले, पण हसू लगेच मावळलं. "बघ की. मरमर मेलो तेव्हा कुणी विचारलं नाही. झोपलो, तर सर्वोत्तम!"

आठवड्याभरात निर्मात्याचा निरोप आला. लोकांना सासरा हवाय, तेव्हा त्याचा जुळा भाऊ परदेशातून आणू. काका फोनवर म्हणाले, "नाही जमायचं." नकार द्यायची सवयच नव्हती.

पुढचे दोन महिने ते घरात पडून होते. सकाळी चहा, दुपारी खिडकी, दाढी वाढलेली. मग एका रविवारी ती सुनेचं काम करणारी मुलगी दारात उभी राहिली. चेहरा उतरलेला.

"काका, सगळे म्हणतात, तसंच रड. मला येत नाही हो. आता नवरा घर सोडून जातो तो प्रसंग आहे."

"तसं मलाही येत नाही," काका म्हणाले. "बस. तो जाताना बॅग कोण भरतं?"

"लिहिलेलं नाही."

"मग तू भर. रडूबिडू नकोस. शर्टाची घडी नीट घाल."

तिनं सोफ्यावरचा टॉवेल उचलला. तिनं आणलेल्या कागदांवरून काकांनी नवऱ्याची वाक्यं वाचली, तिनं चार वेळा घडी घातली, चार वेळा मोडली. पाचव्या वेळी तिचे हात थबकले आणि काका पुढचं वाक्य विसरून तिच्याकडे बघतच राहिले.

बायकोनं आणलेला चहा टेबलावर निवून गेला. पुढच्या रविवारी मुलगी येताना आणखी एका मैत्रिणीला घेऊन आली. काकांनी त्या दिवशी सकाळीच दाढी केली होती.