साठची लय

निरंजन नावाच्या माणसाशी मी गेल्या दिवाळीपासून, एक दिवस सोडला तर, बोलत नाही, आणि त्याचं मला काडीचं वाईट वाटत नाही. वाईट वाटतं ते रविवारचं.

रविवार म्हणजे निगडी प्राधिकरणातल्या ट्रस्टच्या हॉलमधली सकाळ. मी शाळेत गाणं शिकवायचे. निवृत्त झाल्यावर ओळखीच्या बायका जमवून मी चार आवाजांतलं गाणं सुरू केलं. म्हणजे चार गट, प्रत्येकाची चाल वेगळी, आणि चारी मिळून गाणं एकच. हळूहळू तळेगावहून लोकलने, चाकणहून बसने माणसं यायला लागली. घरात मी एकटी. आठवड्याचे बाकीचे दिवस मी या एका दिवसासाठी ढकलते, हे सांगायला मला लाज वाटत नाही.

गाणी आणायची कुठून, हा प्रश्न कधीच पडला नाही. इंटरनेटवर मोफत ग्रंथालयं आहेत. युरोपातल्या, मरून चारशे वर्षं झालेल्या लोकांची गाणी तिथे असतात. हक्क केव्हाच संपलेले. जगभरातले हौशी लोक जुनी हस्तलिखितं बघून नव्याने नोटेशन टंकतात आणि सगळ्यांसाठी ठेवून देतात. कुणाची परवानगी नको, वर्गणी नको. उतरवून घ्यायचं आणि गायचं. शब्द लॅटिन, ते मी देवनागरीत लिहून देते.

मग निरंजन आला. पिंपळे सौदागरचा, आयटीतला. दोन वर्षं परदेशात राहून तिथल्या गायकवृंदात गाऊन आलेला. हे तुम्हाला विचारावं लागत नाही, तोच सांगतो. त्याने पुरुष आणले, हे मी मान्य करते. खर्जातला आवाज आमच्याकडे नव्हताच. पण दिवाळीच्या आधी भर तालमीत तो म्हणाला, "विजयश्रीताई, तुमच्या बायका भजन म्हटल्यासारखं गातात." मी म्हणाले, "आणि तुमचे पुरुष चाकणच्या ट्रॅफिकमध्ये हॉर्न दिल्यासारखे." झालं. दुसऱ्या रविवारपासून पुरुषांची तालीम त्याच्या सोसायटीच्या क्लबहाउसमध्ये, बायकांची आमच्या हॉलमध्ये.

दोन्हीकडचे निरोप उझ्मा न्यायची. उझ्मा माझी शाळेतली विद्यार्थिनी, आता चाकणला एका कंपनीत क्वालिटीला आहे. वरच्या पट्टीत तिच्यासारखा आवाज आमच्यात दुसरा नाही. निरंजनच्याच सोसायटीच्या मागे तिच्या वडिलांचं गॅरेज, म्हणून ही हमाली तिच्या गळ्यात पडली.

उंटावरून शेळ्या हाकण्याचा हा प्रकार ट्रस्टच्या उद्धवरावांच्या कानावर गेला. उद्धवराव मूळ निगडी गावठाणातले. त्यांनी आम्हा दोघांना बोलावून घेतलं.

"दोन ठिकानी गाता व्हय? मग हाल कशापायी आडवून ठिवलाय? योगावाले रोज दारात हाईत. ट्रस्टच्या वर्धापनदिनाला एकत्र गाऊन दावा. गानं बसलं तर रविवार तुमचा. न्हाई बसलं तर त्येंचा."

निरंजनने लगेच विचारलं, "ताल मी देऊ ना?"

"द्या की. हात एकाचाच हलू द्या, म्हंजे झालं."

नाकाला मिरच्या झोंबल्या, पण रविवार जाणार होता. मी मान हलवली.

गाणं निरंजनने निवडलं. उझ्माने मला मोबाइल दाखवला. "बाई, सरांनी ग्रंथालयाची लिंक दिलीय. ह्यातलंच उतरवून घ्या म्हणाले."

"सांग त्यांना, मला शोधता येतं. ते परदेशात गेले नव्हते तेव्हापासून मी तिथून गाणी उतरवतेय."

लिंक मी उघडली नाही. गाण्याचं नाव टाकून माझं मी शोधलं, पहिलं दिसलं ते घेतलं, प्रती काढल्या, वाटल्या. आठवडाभराने उझ्माने विचारलं, "बाई, सर विचारतायत, लय किती?"

"साठ. सेकंदाला एक ठोका."

दुसऱ्या दिवशी ती हसत आली. "सरांचीही साठच आहे!"

कित्येक महिन्यांत आमचं पहिल्यांदा एकमत झालं होतं, आणि खरं सांगते, मला त्याचाच राग आला. "एकदा सगळे एकत्र गाऊया ना, बाई," असं तिने दोनदा सुचवलं. मी म्हणाले, हॉल इथे आहे, त्यांना यायला कुणी अडवलंय? तो म्हणाला, पुरुषांच्या शिफ्ट असतात, बायकांनी इकडे यावं. तालीम राहिली ती राहिलीच.

वर्धापनदिनाला मी लवकर पोचले. बायकांना हॉलमध्ये एकदा गाऊन घ्यायला लावलं, साड्यांच्या पिना नीट केल्या आणि पाणी आणायला मागच्या दाराने बाहेर पडले. पार्किंगमध्ये स्कूटरींच्या मधे पुरुष उभे राहून गात होते. निरंजन बोटांनी ठोका देत होता. ठोका साठचाच. पण गाणं आमच्या दुप्पट वेगाने धावत होतं.

आमच्या कागदावर जिथे एका अक्षराला दोन ठोके, तिथे हे लोक एकाच ठोक्यात अक्षर संपवत होते. आणि मग डोक्यात उजेड पडला. त्या ग्रंथालयात एकच गाणं पाच-सहा जणांनी टंकून ठेवलेलं असतं. कुणी जुन्या काळचे लांब स्वर जसेच्या तसे ठेवतो, कुणी आजच्या लोकांना वाचायला सोपं जावं म्हणून प्रत्येक स्वराची लांबी निम्मी करतो. माझ्या हाती पहिली प्रत लागली होती, त्याच्या हाती दुसरी. दोन्ही बरोबर. ठोका एकच. आणि स्टेजवर आम्ही अर्ध्यात असताना पुरुष गाणं संपवून मोकळे होणार होते.

मी त्याच्याकडे दोन पावलं गेले, हे नोंदवून ठेवा. पण बोलायचं काय? त्याने पाठवलेली लिंक मी उघडली नव्हती. इतक्या महिन्यांनी तोंड उघडायचं आणि पहिलं वाक्य "माझं चुकलं" असं? त्याच्यापुढे? शक्य नव्हतं. गप्प बसावं, तर लोक काय म्हणणार हे मला पाठ आहे. हात त्याचा, पुरुष त्याच्या तालमीतले. म्हणजे चुकल्या त्या बायका. बायका मागे पडल्या.

मी उलटी फिरले. बायकांना कोपऱ्यात घेतलं. "ऐका, आता दुगुन. एका अक्षराला एकच ठोका. कागद पाहू नका, चाल तुम्हाला पाठ आहे." सगळ्या घाबरल्या, पण दोनदा हळू आवाजात गाऊन घेतलं आणि बसलं. उझ्माचा चेहरा तर एकदम फुलला. मी तिचा हात दाबला. त्या क्षणी मला स्वतःचा अभिमान वाटला. तुझी अब्रू मी वाचवतेय, निरंजन, आणि तुला कळणारसुद्धा नाही.

पडदा सरकला. समोर पहिल्या रांगेत उद्धवराव, मांडीवर टोपी. निरंजनने हात उचलला. साठचा ठोका पडला आणि आम्ही सुरू झालो, चपळ, स्वच्छ. चौथ्या ठोक्याला पुरुष आले.

ते संथ होते. एका अक्षराला दोन ठोके. जशा आम्ही सकाळपर्यंत गात होतो, अगदी तसे.

निरंजन आमच्याकडे डोळे फाडून बघत होता, मी पुरुषांकडे. काही बायका मागे आल्या, काही पुरुष पुढे धावले, मग सगळेच एकमेकांना शोधायला लागले. आमचा शेवट झाला आणि आम्ही तोंडं मिटून उभ्या राहिलो. पुरुष अजून अर्ध्या वाटेत होते, खालच्या आवाजात ओढत होते. प्रेक्षकांत कुणीतरी हसलं. निरंजनचा हात हळूहळू खाली आला आणि तेही थांबले.

स्टेजमागे मी त्याला गाठलंच. इतक्या महिन्यांचा न बोलण्याचा उपास एका दमात सुटला.

"पुरुषांना संथ कुणी केलं?"

"मी केलं! आल्या आल्या दारातून तुम्हाला ऐकलं, ताई. मग पार्किंगमध्ये आमचं एकदा गाऊन बघितलं, तेव्हा कळलं की तुमचा कागद लांब स्वरांचा आहे. बायकांचा विचका व्हायला नको, म्हणून माझ्या माणसांची लय निम्मी केली! पण तुम्ही का पळालात?"

"मी तुमचं पार्किंगमध्ये ऐकलं."

एकमेकांसाठी आम्ही जन्मात पहिल्यांदा काही केलं होतं, आणि त्यानेच गाणं मेलं होतं.

उझ्मा शेजारीच उभी होती. "बाई," ती म्हणाली, "तुम्ही दुगुन सांगितलीत तेव्हा मला वाटलं, तुम्ही दोघं शेवटी बोललात." तिच्या डोळ्यांत पाणी होतं. वर्धापनदिनासाठी तिने सुपरवायझरच्या हातापाया पडून शिफ्ट बदलून घेतली होती.

उद्धवराव टोपी घालत आले. चिडलेले नव्हते, तेच जास्त लागलं. "न्हाई बसलं," ते म्हणाले. "मला गान्यातलं कळत न्हाई, पर येवढं कळतं. फुडच्या रविवारपासून हाल योगावाल्यांचा." आणि चहाकडे गेले.

बायका पिना काढायला लागल्या. उझ्माने पर्स खांद्याला लावली, "येते," एवढंच म्हणाली आणि जिना उतरून गेली.

निरंजन भिंतीला टेकून उभा होता. माझ्यापासून हातभर अंतरावर. रिकाम्या जिन्याकडे बघत तो म्हणाला, "उझ्मा, ताईंना विचार, रविवारी सकाळी आमचं क्लबहाउस मोकळं असतं. येतील का?"

जिन्यात कुणी नव्हतं. मला हो म्हणायचं होतं. आणि मी उभी राहिले, उझ्माने येऊन मला विचारायची वाट बघत.