सगळीच अक्षरं पहिली

चाळीस वर्षं मी दुकानांच्या पाट्या रंगवल्या. आता माझा उजवा हात निवृत्त झालाय. मी झालेलो नाही. कंपवाताने आमच्यात फूट पाडली.

थरथर निदान दिसते तरी. खरी लबाडी वेगळीच. लिहिता लिहिता अक्षरं बारीक होत जातात. पहिलं पैलवान, चौथं आजारातून उठलेलं, सातवं मुंगी. आणि लिहिताना मला वाटतं, सगळी सारखीच!

मुलगी सायकल दुरुस्तीचं दुकान काढत होती. उद्घाटन पुढच्या सोमवारी.

"पाटी मी रंगवणार," मी जाहीर केलं.

जावई मायाळू माणूस. "बाबा, फ्लेक्स छापू की. दहा मिनिटांचं काम."

"छापणारे 'दुरुस्ती'तला 'रु' दीर्घ करतात. गिऱ्हाईक यायच्या आत दुकान नापास!"

मुलगी म्हणाली, "सोमवारी पाटी तयार असेल तर तुमची, नाहीतर फ्लेक्स. मग रुसायचं नाही."

कागदावर तालीम केली. 'सायकल' ठीक होती. 'दुरुस्ती' शोधायला बायकोने चष्मा पुसला.

"हे काय, वाळवी लागली?"

मी कागद चुरगळायला घेतला. पण नजर 'सा'वर अडकली. 'सा' झकास होता. पुन्हा लिहिलं, पुन्हा 'सा' झकास. पहिलं अक्षर कधीच बिघडत नव्हतं. मग सगळीच पहिली का नकोत?

मंगळवारपासून नियम केला. गोळी घेतल्यावर पाऊण तासाने हात ताळ्यावर येतो; तेव्हा एकच अक्षर काढायचं. ब्रश धुवायचा, काम बंद. सात अक्षरं, सात दिवस, सोमवारी पाटी पूर्ण.

शनिवारी हात संपावर गेला. गोळीलाही दाद देईना. त्यामुळे सोमवारी दुकानावर पाटी चढली ती 'सायकल दुरु' एवढीच. जावई काखेत फ्लेक्सची गुंडाळी घेऊन उभा. मी मुलीकडे बघायचं टाळलं.

तेवढ्यात पहिलं गिऱ्हाईक पंक्चर झालेली सायकल ढकलत आलं. वर बघून म्हणालं, "काय ताई, पाटी अर्धीच?"

मुलीने पाना उचलला. "दुरुस्ती चालू आहे."

मग जावयाला म्हणाली, "तो फ्लेक्स खाली अंथर. तेल सांडतं."

त्याने अंथरला. 'दुरूस्ती'. रु दीर्घ. मी काही बोललो नाही. पण इतका वेळ न बोलणं मला जमलं, याची घरात अजून चर्चा आहे.

मंगळवारी गोळी घेतली, पाऊण तास थांबलो आणि स्टुलावर चढलो. बायकोने स्टूल घट्ट धरलं, जीभ मात्र मोकळी सोडली. "पडलात तर तुमची दुरुस्ती इथे होत नाही, सांगून ठेवते."

मी ब्रश टेकवला. स्ती. आजचं पहिलं अक्षर.