दुर्बिणीचं झाकण

मी एक जुनं झाकण आहे. पिठाच्या डब्यावरच माझा जन्म गेला असता. पण घड्याळं दुरुस्त करणाऱ्या आमच्या मालकांनी गच्चीवर दुर्बीण बांधली आणि तिच्या तोंडावर मी नेमका बसलो. मालकीणबाईंनी मला परत मागितलं. मिळालो नाही. त्यांचा पिठाचा डबा तेव्हापासून ताटलीने झाकला जातो.

मित्रांनो, लोक तेजोमेघ, म्हणजे ताऱ्यांमधला तो धूसर ढग, बघायला येत. मी मात्र तो कधीच पाहिला नाही, कारण फोटो सुरू झाला की मला भिंतीशी पालथं ठेवत. तरी माझ्यावाचून मालकांचं पान हलत नसे. तेजोमेघ इतका फिकट, की कॅमेरा कितीतरी मिनिटं उघडा ठेवावा लागे आणि तेवढ्या वेळात तो स्वतःचेच खोटे ठिपके फोटोत घाली. म्हणून शेवटी मला दुर्बिणीवर घालून नुसत्या अंधाराचा फोटो काढायचा आणि त्यातले ठिपके खऱ्या फोटोतून वजा करायचे. "अर्धा फोटो या झाकणानेच काढलाय," असं मालक आल्यागेल्याला सांगत. मी फुगून जाई.

पण माझं खरं काम दिवसाचं होतं. दुर्बिणीच्या तळाशी असलेल्या ज्या आरशात रात्री तेजोमेघ गोळा होतो, त्याच आरशात दिवसा सूर्य गोळा होतो. हे मालकांना माहीत होतं, फक्त लक्षात राहिलं नाही.

पुढे त्यांनी शक्कल लढवली. अंधाराचे चाळीस फोटो एकदाच काढून ठेवले आणि "आता हे कशाला लागतंय?" म्हणत मला कुंडीखाली सरकवलं. माझ्या जागी जुना टॉवेल आला. टॉवेलचा काय भरवसा!

एका सकाळी तो वाऱ्याने उडाला. रात्रभर जागलेले मालक कॅमेरा काढून, बघायची काच बसवून खाली झोपले होते. दुर्बिणीच्या नळीचं तोंड आग्नेयेला. ऊन कठड्यावर आलं, मग नळीच्या कडेवर आणि मग सरळ आत. तेवढ्यात त्यांची सात वर्षांची लेक बिट्टी स्टूल ओढत आली.

कुंडीखालून ओरडता येत नाही, मित्रांनो. मी फार घाबरलो होतो.

डोळा लावण्याआधी काच पुसायची, अशी शिस्त मालकांनी तिला लावली होती. तिने फ्रॉकचा कोपरा काचेवर धरला. बारीक धूर निघाला.

"बाबा, माझा फ्रॉक जळला!"

मालक अनवाणी धावत आले. फ्रॉकचं भोक त्यांनी बोटाने चाचपलं, मग तिच्या डोळ्याकडे पाहिलं. भोक डोळ्यातल्या बाहुलीएवढं होतं.

मला त्याच दिवशी धुऊन, दोरीने नळीला बांधलं. त्याला चार वर्षं झाली. दोरी उन्हाने विरली. "बदलू उद्या," असं मालक दोनदा म्हणाले. बिट्टी आता मोठी झालीय. काच पुसायचं तिने केव्हाच सोडलंय.

मित्रांनो, तुमच्या घरी असं साधंसुधं झाकण असेल, तर त्याची दोरी आजच बघा. माझी पहाटे तुटली. मी कोपऱ्यात पालथा पडलोय. नळीचं तोंड आग्नेयेलाच आहे, ऊन कठड्यावर आलंय आणि जिन्यात बिट्टीची पावलं वाजताहेत.