दातातली काडी

माझं नाव होपटन फेरन, पण किंग्स्टनच्या कुठल्याही स्टुडिओत या नावाने विचाराल तर कुणी ओळखणार नाही. काडी म्हणून विचारा. बेस, म्हणजे खर्जाची गिटार, वाजवताना मी दातांत आगकाडी धरतो. हौस नाही ती. बोटं तारेवर पडली की माझ्या घशातून गाणं आपोआप सुटतं, आणि ते ड्रमच्या माईकमध्ये शिरतं. एकदा शिरलं की निघत नाही, कारण आमच्या टेपला आवाज भरायच्या पट्ट्या चारच, आणि ड्रम अन् बेस मिळून एक. पहिल्या वर्षी माझ्यापायी तीन टेप वाया गेल्या. तेव्हा स्टुडिओचा मालक बर्चेल याने स्वतःच्या हाताने माझ्या तोंडात काडी खोचली आणि बजावलं, ही पडली की तूही बाहेर पडलास.

अकरा वर्षं चावतोय ती काडी. हे बेट ज्या गाण्यांवर नाचतं त्यातली निम्मी माझ्या बोटांवर उभी आहेत, आणि एकाही तबकडीवर माझं नाव नाही. त्याचं मला फारसं काही वाटत नव्हतं. दुखत होतं ते वेगळंच. माझी आई क्लॅरेंडनच्या डोंगरात राहते. तिच्याकडे साबणाच्या वडीएवढा रेडिओ आहे, आणि त्या डबड्यातून खर्ज येतच नाही. गाणाऱ्याचा आवाज येतो, गिटारीची चकचक येते, झांज येते, मी तेवढा येत नाही. शेजारची मिस आयव्ही तर विचारायची, तुमचा मुलगा रेडिओत झाडलोट करतो का हो. गेल्या नाताळात आईने मला बाजूला घेतलं. म्हणाली, "खोटं नको बोलूस रे माझ्याशी. जे काय करत असशील ते सांग. मी रागावणार नाही."

आता सांगा, यावर माणसाने काय करावं? मी परत आलो तो तडक बर्चेलपुढे उभा राहिलो आणि एक गाणं मागितलं, माझ्या आवाजात. त्याने आढेवेढे घेतले, मग म्हणाला, तीस चाली वाजव, एकतिसावी तुझी. मी ऑगस्टपर्यंत तीस वाजवल्या.

गाणं माझंच होतं. नदीपलीकडे शेळ्या राहिल्यात आणि एक पोरगा त्यांना हाका मारतोय, एवढंच. शुक्रवारी सगळे बसलो. ठरल्याप्रमाणे आधी वाजवायचं होतं, मागून गायचं होतं. पण म्हटलं, माझंच गाणं आणि माझ्याच तोंडात काडी? थुंकून टाकली आणि वाजवता वाजवता गायलो, घसा मोकळा सोडून. काचेमागून ऑस्बर्नने, म्हणजे आमच्या टेपवाल्याने, कपाळाला आठ्या घातल्या. मग त्यानेही सोडून दिलं, कारण वरून पुन्हा माझाच आवाज चढणार होता, खालचा कुणाला कळतोय. नंतर मी माईकपुढे उभा राहून रीतसर गायलो. एरवी कुणाचं कौतुक न करणारे आमचे वादक वाद्यं खाली ठेवून ऐकत राहिले. बर्चेलने जाहीर केलं की पुढच्या रविवारी दुपारी एकला हे रेडिओवर वाजेल.

त्याच संध्याकाळी डोंगराकडे जाणाऱ्या बसच्या ड्रायव्हरकडे मी निरोप दिला. आईला सांग, पुढच्या रविवारी एकला रेडिओ लाव, या खेपेला ऐकू येईन. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

सोमवारी स्टुडिओत पाऊल टाकलं तर माईकपुढे क्लिफ्टन डेक्रेस. बेटावरचा मोठा गवई, रेशमी शर्ट, आणि तोंडात माझ्या शेळ्या. त्याच्यासाठी जागा करायची म्हणून माझ्या आवाजाची पट्टी सकाळीच पुसली होती.

बर्चेलला लाज वगैरे काही नव्हती. बाहेर आंब्याखालच्या भिंतीकडे बोट दाखवलं. तिथे रोज दहाबारा होतकरू गवई पाय हलवत बसलेले असतात.

"गाणारे मला तिथे भिंतीवर मिळतात," तो म्हणाला. "तुझ्यासारखा बेसवाला कुठे मिळत नाही. तू गवई झालास की लंडनला जाशील. मग मी काय करू?"

वाईट याचं वाटलं की तो खरं बोलत होता. डेक्रेस निघून गेला, आणि मी बेस मानेला धरून सोट्यासारखी उचलली. समोर काच होती, काचेमागे ती टेप. एक फटका, की काम गेलं असतं आणि मग भिंतीवरचेसुद्धा मला हसले असते, पण त्या क्षणी कुणाला पर्वा होती.

हात वर होता, तेवढ्यात ऑस्बर्नने तबकडीची मागची बाजू करायला घेतली. आमच्याकडे पुढे गाणं आणि मागे त्याच चालीतून गवयाला काढून नुसता ठेका, नाचाच्या मैदानांसाठी. ऑस्बर्नने डेक्रेसचा आवाज खाली ओढला. आणि ड्रमच्या आतून, लांबून, पलीकडच्या काठावरून आल्यासारखा मी आलो.

ऑस्बर्नचा हात जागीच थांबला. त्याने माझ्याकडे पाहिलं. मी बेस हळूच खाली ठेवली. बर्चेल ऑस्बर्नच्या मागे स्टुलावर बसून तळलेल्या पिठाचे गोळे खात होता. खाता खाता थांबला.

"ते काय वाजलं?"

"झांज, मालक," ऑस्बर्न म्हणाला. "जुनी झाली, कण्हते."

"पुन्हा लाव."

आता बर्चेलला हे कळलं तर तो ड्रम पुन्हा वाजवायला लावणार, आणि मग मी कुठेच उरणार नाही. मी खिशातून काडी काढली आणि दातांत धरली. अकरा वर्षांत पहिल्यांदाच आपणहून धरली. टेप फिरली, तो लांबचा आवाज पुन्हा आला, आणि बर्चेलने मान वळवून सरळ माझ्या तोंडाकडे पाहिलं. काडी जागेवर होती. काडी आहे म्हणजे मी गात नाही, हे इतक्या वर्षांत त्याच्या डोक्यात पक्कं बसलं होतं. बाहेर तबकड्या छापणाऱ्यांची गाडी भोंगा वाजवत होती. बोटं पुसत तो म्हणाला, झांज बदला आणि हे पाठवा. त्याची पाठ वळताच ऑस्बर्नने त्या कण्हणाऱ्या झांजेला तीन ठिकाणी वर उचललं आणि घुमारा दिला. देव त्याचं भलं करो.

पण रेडिओवर वाजणार होती पुढची बाजू. मागची वाजलीच तर वाजणार. रविवारी न जाणं मला जमलं असतं, पण आई एकटी वाडीतल्या माणसांत तोंडघशी पडणार हे सहन होईना. पहिल्या बसने गेलो.

अंगणात वीसेक माणसं. नारळाच्या दुधातला राजमा-भात चुलीवर, रेडिओ पालथ्या टबावर, आणि मिस आयव्ही चर्चची टोपी घालून सगळ्यांत पुढे. आईने इस्त्रीचा झगा घातला होता. तिला खरं सांगायला तोंड उघडलं, पण दातांत काडी होती आणि मी ती तशीच चावत राहिलो.

एक वाजला. निवेदकाने डेक्रेसचं नाव घेतलं, गाणं वाजलं, संपलं. सगळे माझ्याकडे वळले.

"आवाज गोड आहे हो," मिस आयव्ही म्हणाली. "नाव तेवढं बदललंस वाटतं."

हशा पिकला. आई उठली आणि चुलीकडे गेली. तिची पाठ पाहून मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मग निवेदक म्हणाला की आठवडाभर मैदानांत लोक मागचीच बाजू मागताहेत, तेव्हा ती ऐका. ऐकतंय कोण? ताटल्या वाटणं सुरू झालं होतं. रेडिओतून नुसती चकचक, माझी बेस नेहमीप्रमाणे नाहीच. पहिली जागा ताटल्यांच्या खणखणाटात गेली. दुसऱ्या जागेला मिस आयव्ही खोकली. एकच उरली होती. ओरडून सगळ्यांना गप्प करावं असं वाटत होतं, पण दात काडीवरून सुटेनात.

तिसऱ्या जागेला आईचा डाव भातावरच थांबला.

"गप्प बसा," ती म्हणाली, आणि आईने गप्प बसा म्हटलं की आमच्या वाडीत कोंबड्यासुद्धा बसतात. ती टबाशी वाकली, कान लावला. लांबून हाक येत होती, विरत होती, पुन्हा येत होती.

मिस आयव्ही म्हणाली, मला तर काहीच येत नाही ऐकू.

"तुला नाही यायचं," आई म्हणाली. "हा नदीपलीकडून शेळ्या घेऊन यायचा, तेव्हा असाच ऐकू यायचा. मी भात टाकायचे त्या आवाजावर." मग माझ्यापुढे आली आणि माझी हनुवटी धरली. डोळे भरले होते तिचे, माझेही. "रेडिओत एवढं गातोस, मग घरात तोंडात काय कोंबलंयस?" काडी ओढून काढली आणि चुलीत टाकली. ओलीच होती, बराच वेळ पेटली नाही.

सोमवारी बर्चेल दारातच उभा होता. त्यानेही रविवारी रेडिओ ऐकला असणार. आगपेटी पुढे केली.

"काडी?"

"आईने काढून घेतली," मी म्हणालो.

"मग तू मध्येच गाशील."

"गाईन."

आंब्याखालच्या भिंतीवरचे पाय हलायचे थांबले. बर्चेलने त्या सगळ्यांकडे एकदा पाहिलं. त्यांच्यात बेसवाला एकही नव्हता. आगपेटी त्याने खिशात टाकली आणि ऑस्बर्नला सांगितलं, याच्यापुढे वेगळा माईक लाव.