नऊ वेळा गेलेला निरोप

मित्रांनो, मी एक जुनी पितळी किल्ली आहे. कुलपाची नव्हे, भिंतीवरच्या लंबकाच्या घड्याळाची. आज मी भंगाराच्या डब्यात गंजक्या खिळ्यांच्या शेजारी पडून आहे. एके काळी मात्र लोक माझा विषय निघाला की आवाज खाली आणून बोलत.

मला एका घड्याळजीने आठ दिवस कानशीने घासून घडवले. घड्याळही त्याचेच. मला उजवीकडे फिरवले की इतर किल्ल्यांसारखीच मी स्प्रिंग आवळे. डावीकडे पूर्ण वेढा दिला की मात्र तोच दिवस पुन्हा सकाळपासून सुरू होई. फिरवणाऱ्याला सारे आठवे, बाकी जगाला काहीच नाही. हे त्याने कसे साधले, ते मलाही ठाऊक नाही.

एकदा समोरच्या बेकरीला आग लागली. घड्याळजीने मला उलटे फिरवले आणि सकाळीच जाऊन पेटत्या भट्टीवर घागर ओतली. आग लागलीच नाही. मग बेकरीवाल्याने काय करावे? त्याने घड्याळजीची गचांडी धरली. न लागलेली आग विझवल्याबद्दल आभार कोण मानणार? माझ्या कपाळी हा पेच कायमचा लिहिला गेला. मी काम चोख केले की त्याचा पुरावाच उरत नाही. घड्याळजीने बायकोला सांगितले, बायकोने शेजारणीला, आणि गल्लीभर झाले. निम्मे लोक हसले, निम्मे वचकून राहिले.

पुढे मी त्याच्या नातीकडे आले. तिला दोन मुली. नवऱ्यामागे तिने घराच्या पुढच्या खोलीतले घड्याळांचे दुकान चालवले आणि हात थकल्यावर ते मोठीच्या स्वाधीन केले. धाकटी हिरमुसली. आई फटकळ होती. "तू हात लावलास की चालतं घड्याळ बंद पडतं," असे ती गिऱ्हाइकांसमोर बोलून गेली. धाकटीने त्याच दिवशी घर सोडले. गावाच्या दुसऱ्या टोकाला खोली घेऊन ती शिवणकाम करू लागली. दोन वर्षे मायलेकींचे बोलणे नव्हते.

मग आईचे हृदय थकले. एका सकाळी तिने मोठीला जवळ बोलावले. "धाकटीला आण गं. मी चुकले, म्हणावं."

मोठी धावत गेली. धाकटी मशीनवरून उठली नाही. "संध्याकाळी येते. आजच बरी आठवण झाली?"

चार वाजता आई गेली. तेव्हा तिच्या उशाशी फक्त शेजारीण होती. धाकटीच्या दारात दुपारपर्यंत विनवण्या करून निघालेली मोठी अजून वाटेतच होती.

रडणे आवरून मोठीने मला हातात घेतले आणि डावीकडे वेढा दिला. सकाळ झाली. आई पुन्हा म्हणाली, "धाकटीला आण गं." मला मुठीत धरून मोठी पुन्हा धावली.

मरण हटवणे मला जमत नाही. मी फक्त दिवस परत देते. पहिला धरून मोठी तो दिवस नऊ वेळा जगली. ती कधी गोड बोलली, कधी पाया पडली, एकदा तर तिने शिवायचे कापडच ओढून घेतले. धाकटीच्या दृष्टीने मात्र ती दर वेळी पहिल्यांदाच आली होती आणि दोन वर्षांचा राग ताजाच होता. नवव्या वेळी मोठीने खरे ते सांगून टाकले.

"आई आज चार वाजता जाणार आहे. चल."

"तुझ्या जिभेला काही हाड?" धाकटीने दार तोंडावर आपटले. चारचे ठोके पडले तेव्हा मोठी त्या बंद दारासमोर पायरीवर बसली होती. नऊही वेळा आईचा हात शेजारणीच्याच हातात होता.

दहाव्या सकाळी मोठी घराबाहेर पडली नाही. एवढा एक दिवस मला, पुढचा पुन्हा धाकटीसाठी, असे ती माझ्याकडे बघून पुटपुटली. तिने आईचे केस विंचरले, कोमट पाण्याने पाय पुसले.

"आली का गं?" आईने तीनदा विचारले.

"येतेय, आई. वाटेत आहे."

चार वाजता आईचा हात मोठीच्या हातात होता. तिने तो हळूच पांघरुणाखाली ठेवला आणि मला घड्याळात घालून डावीकडे वळवले. आतून कट्‌ असा आवाज आला. स्प्रिंग तुटली होती.

तो दिवस तसाच राहिला. नऊ निरोप पुसले गेले आणि निरोप न गेलेला दिवस तेवढा खरा ठरला.

संध्याकाळी शेजारणीकडून कळून धाकटी आली. "एक निरोप नाही, ताई? एकदाही तुला वाटलं नाही?"

"नऊ वेळा आले होते गं."

"कधी?"

"आज."

"निदान आज तरी खोटं बोलू नकोस," असे म्हणून धाकटी जी गेली, ती परत आली नाही. मोठीने पत्रे पाठवली, ती न फोडता परत आली. मोठीने नवी स्प्रिंग घातली. घड्याळ चालू झाले, पण माझे वळण गेले ते गेलेच. मी साक्षीला होते, पहिली खेप सोडून दर वेळी तिच्या मुठीत होते. पण पितळेला तोंड कुठले?

बावीस वर्षांनी मोठीही गेली. दुकान रिकामे करायला धाकटी आली. तिचे केस पांढरे झाले होते. भंगारवाला बाहेर हातगाडी लावून उभा होता. तिने दार आतून लावले, मला घड्याळात बसवले आणि डावीकडे पूर्ण वेढा दिला. मग ती घाईने आतल्या खोलीत गेली आणि तिने हाक मारली, "ताई?" थोडा वेळ थांबून पुन्हा, "आई?"

आत फक्त गुंडाळून ठेवलेली गादी होती. तिने दार उघडले आणि मला डब्यात टाकले.

मित्रांनो, मला पुसू नका, तेल घालू नका. तुमच्या घरी माझ्यासारखी किल्ली नाही. कुणी दारात येऊन "चल" म्हणाले, तर हातातला टाका तसाच सोडा आणि आधी चप्पल घाला.